छिद्र बुजेपर्यंत

रविवारी रात्री नऊच्या सुमाराला भाचीनं आरशासमोरून हाक मारली, "मावशी, रोलर फिरवून झाला गं. तेल आत्ता लावू की सकाळी?" तिच्या एका हातात बारीक सुयांचा रोलर होता, दुसऱ्या हातात केशराच्या वासाची फेस ऑइलची बाटली. मुंबईत नाइंटी फीट रोडवरच्या आमच्या घरात हा प्रश्न पहिल्यांदाच आला होता आणि मला उत्तर देता आलं नाही. ते शोधायला बसले आणि माणसाच्या कातडीची अशी एक करामत समजली की तेल बाजूलाच राहिलं. पण उत्तर त्या करामतीतच आहे, म्हणून सुरुवात तिथूनच करते.

आपल्या चेहऱ्यावरचा सगळ्यात बाहेरचा थर मेलेल्या पेशींचा असतो. पंधरा-वीस पेशी एकावर एक रचल्यावर त्याची जाडी जेमतेम 0.01 ते 0.02 मिलिमीटर भरते, म्हणजे डोक्यावरच्या केसाच्या जाडीपेक्षाही कितीतरी कमी. पेशी म्हणजे विटा, आणि विटांमधला गिलावा म्हणजे सिरॅमाइड, कोलेस्टेरॉल आणि मेदाम्लं. अंगातलं पाणी आत आणि बाहेरचं जग बाहेर ठेवायचं काम एवढीशी भिंत जन्मभर करते. ॲमस्टरडॅमच्या यान बोस आणि मार्कुस माइनार्डी यांनी 2000 साली या भिंतीचा एक ढोबळ नियम मांडला: ज्या रेणूचं वजन 500 डाल्टनपेक्षा जास्त, तो धडधाकट कातडीतून सहसा आत जात नाही. तेलाचा मुख्य रेणू, म्हणजे ट्रायग्लिसराइड, साधारण 880 डाल्टनचा असतो. तेल वर्षानुवर्षं चोळलं तरी त्याचा बराचसा भाग वरच्या वरच राहतो, तो यामुळे.

रोलर ही भिंत मुद्दाम भोसकतो. या कल्पनेचा इतिहास फार जुना नाही. 1995 साली डेव्हिड आणि नॉर्मन ऑरेंट्राइख या त्वचारोगतज्ज्ञांनी खड्ड्याच्या व्रणाखाली सुई फिरवून तो वर आणायची पद्धत मांडली. 1997 साली कॅनडात कामिरां आणि दुसे यांनी गोंदणाच्या यंत्रातली शाई काढून नुसत्या सुया व्रणांवर चालवल्या. केपटाऊनचे प्लास्टिक सर्जन डेस फर्नांडिस यांनी सुया फिरत्या रुळावर बसवल्या आणि आजच्या रोलरला रूप आलं. जखम झाली की शरीर ती भरून काढायला नवं कोलॅजन विणतं, एवढंच यामागचं तत्त्व. डॉक्टर व्रणांसाठी दीड मिलिमीटर किंवा त्याहून लांब सुया वापरतात, घरगुती रोलर 0.2 ते 0.3 मिलिमीटरचे असतात. कातडी लवचिक असल्यानं सुई पूर्ण लांबीइतकी शिरत नाही, पण मेलेल्या पेशींची भिंत ओलांडायला 0.2 मिलिमीटरसुद्धा पुरेसं होतं.

भाचीचा रोलर मी खैरानी रोडवरच्या एका ओळखीच्या गाळ्यात घेऊन गेले. तिथे पत्रा कापायच्या डाय, म्हणजे साचे, बनवणारे एक काका आहेत, पत्र्यातला केसाएवढा दोष बोटाला समजतो त्यांच्या. त्यांनी डोळ्याला भिंग लावलं, रोलर दिव्याखाली धरून हळूहळू फिरवला आणि म्हणाले, "ताई, या सुया नाहीत. चकत्या आहेत. पत्र्यातून दाते कापून एकाला एक लावल्यात." मग भिंग माझ्या हातात दिलं. खोक्यावर 540 सुया लिहिलेल्या होत्या, दिसत होती ती चपट्या दात्यांची ओळ, करवतीसारखी. दोन-तीन दात्यांच्या कडेला धातूची बारीक कोर उभी राहिली होती. "याला आम्ही बर म्हणतो. घासून काढायचा असतो, काढलेला नाही." डॉक्टरांच्या पद्धतीच्या रोलरमध्ये बहुधा 192 सुया असतात आणि प्रत्येक सुई वेगळी रोवलेली असते. गोल सुई टोचून सरळ बाहेर येते. चपटा दाता रुळाबरोबर फिरताना कातडीत चीर पाडत बाहेर येतो, आणि त्याला बर असेल तर ओरखडाही काढतो. सुयांचा मोठा आकडा बघून रोलर घेणाऱ्या प्रत्येकीनं हे भिंगातून एकदा पाहायला हवं.

आता करामत. भोसकलेली भिंत किती वेळात बुजते? अटलांटाच्या जॉर्जिया टेक विद्यापीठात मार्क प्राउसनिट्झ आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी 2011 साली माणसांच्या कातडीवर हे मोजलं. धडधाकट कातडी विजेला चांगलाच विरोध करते, छिद्र पडलं की तो विरोध कोसळतो, बुजलं की परत येतो. सूक्ष्म सुया टोचून उघड्या ठेवलेल्या कातडीत तो विरोध दोन तासांच्या आत पूर्ववत झाला. जिथे वर हवाबंद आच्छादन ठेवलं, तिथे सुयांच्या आकारमानाप्रमाणे 3 ते 40 तास लागले.

म्हणजे झाकलं की छिद्र जास्त वेळ उघडं राहतं. असं का व्हावं? याचं उत्तर त्याही आधीचं आहे. सॅन फ्रान्सिस्कोत पीटर एलियस, केनेथ फाइनगोल्ड आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी 1989 साली केस नसलेल्या उंदरांच्या कातडीची भिंत मुद्दाम मोडून पाहिली. कातडी उघडी ठेवली तर खालच्या पेशी भराभर नवे स्निग्ध पदार्थ तयार करून भेग भरायला लागत. वाफ बाहेर जाऊ न देणारा पापुद्रा वर घातला की हे काम थंडावत असे. वाफ जाऊ देणारा पापुद्रा घातला तर काम सुरू राही. पाणी निसटतंय, हीच खालच्या पेशींना मिळणारी खबर असते. ती मेंदूकडून येत नाही, रक्तातूनही येत नाही. ओल उडून जाण्याच्या वेगावरून कातडी ओळखते की कुठेतरी भिंत फुटलीय, आणि तिथल्या तिथे गिलावा कालवायला घेते. हे वाचलं त्या रात्री मी स्वतःच्या हाताकडे बराच वेळ बघत बसले होते.

इथून "तेल लावलं की छिद्र झाकलं गेलं, म्हणून तेल वाईट" असं म्हणणं सोपं आहे, पण ते पुरतं खरं नाही. तेलाचा थर म्हणजे प्लास्टिकचा पापुद्रा नव्हे. त्यातून ओल थोडी कमी उडते, थांबत नाही. उडणारी ओल अडवण्यात पेट्रोलियम जेली कुठल्याही चेहऱ्याच्या तेलाच्या पुढे आहे, तरी तिच्याखालीसुद्धा कातडी सावरते असं आढळलंय. तेव्हा नुसतं झाकणं हा तेलाचा मोठा गुन्हा धरता येत नाही. धोका आहे तो तेलाबरोबर येणाऱ्या बाकीच्या गोष्टींचा.

वासाचे रेणू लहान असतात. लिंबूवर्गीय तेलातलं लिमोनिन 136 डाल्टनचं, लॅव्हेंडरमधलं लिनालूल 154 डाल्टनचं. असे रेणू धडधाकट भिंतीतूनही थोडेफार शिरतात, भोसकलेल्या भिंतीत त्यांना रान मोकळंच. बाटली उघडी राहून हवा लागली की या दोघांचं ऑक्सिडेशन होतं आणि तयार होणारे पदार्थ ॲलर्जी आणण्यात मूळ पदार्थांच्या पुढे असतात. बर्गमोटसारख्या काही तेलांत उन्हात कातडी भाजवणारे घटक असतात. सुईच्या छिद्रातून आत गेलेली वस्तू रोगप्रतिकारक पेशींच्या थेट समोर जाऊन उभी राहते, वरून चोळलेली वस्तू तशी पोचत नाही. 2014 साली अमेरिकेतून तीन स्त्रियांची नोंद प्रसिद्ध झाली. सुयांचे उपचार करताना चेहऱ्यावर सीरमसारखी प्रसाधनं लावल्यावर त्यांच्या चेहऱ्यावर लाल गाठी उठल्या, आणि सूक्ष्मदर्शकाखाली परक्या वस्तूभोवती पेशींनी गराडा घातलेला दिसला. त्यांतल्या दोघींचं सीरम क जीवनसत्त्वाचं होतं. ते वरून लावायला बनवलेलं, टोचायला नव्हे. आपल्या घरातलं कुठलंही तेल याच वर्गातलं आहे.

तेलातेलातही फरक असतो, आणि इथे आपल्या स्वयंपाकघराला बोलायला जागा आहे. तेलात ओलिक आम्ल जास्त असेल तर ते भिंतीचा गिलावा विसविशीत करतं, लिनोलिक आम्ल जास्त असेल तर गिलाव्याला धरून राहतं. इंग्लंडमधल्या शेफील्डच्या सायमन डॅन्बी यांनी 2013 साली हे माणसांच्या हातावर तपासलं. काही आठवडे रोज दोनदा लावल्यावर ऑलिव्हच्या तेलानं भिंत कमकुवत झाली आणि किंचित लालीही आली, सूर्यफुलाच्या तेलानं भिंत टिकली. बदामतेल ऑलिव्हसारखंच ओलिकच्या बाजूचं. खोबरेलात लॉरिक आम्ल निम्म्याच्या आसपास, आणि मुरमं येणाऱ्या चेहऱ्याला ते सहसा मानवत नाही. करडईच्या नेहमीच्या वाणांच्या तेलात मात्र सुमारे तीन चतुर्थांश लिनोलिक आम्ल असतं. मराठवाड्यात आणि सोलापूरकडे पिढ्यानपिढ्या पेरली जाणारी ही काटेरी करडई चेहऱ्याच्या तेलांच्या यादीत फारशी कुणी घेत नाही, याचं मला खरंच वाईट वाटतं.

भाचीच्या बाटलीत कुंकुमादी तेल होतं. अष्टांगहृदयात सांगितलेलं हे तेल म्हणजे तिळाच्या तेलात केशर, चंदन, मंजिष्ठा, ज्येष्ठमध अशी कितीतरी द्रव्यं शेळीच्या दुधासह सिद्ध केलेली. ते धडधाकट कातडीवर लावायचं तेल आहे. त्याचा मान राखायचा तर ते सुईच्या छिद्रात ओतू नये. वनस्पतींचे इतके घटक एकत्र असताना नेमका कोणता खुपला ते मागाहून शोधणंही जवळजवळ अशक्य होतं.

मग थांबायचं किती? याचं एक चांगलं उदाहरण आमच्यापासून फार लांबचं नाही. शीवच्या लोकमान्य टिळक पालिका रुग्णालयात डॉ. रचिता धुरत आणि सहकाऱ्यांनी टक्कल पडू लागलेल्या 100 पुरुषांवर एक प्रयोग केला, तो 2013 साली प्रसिद्ध झाला. निम्म्यांना नुसतं मिनॉक्सिडिल हे केसवाढीचं औषध, निम्म्यांना मिनॉक्सिडिल आणि आठवड्यातून एकदा दीड मिलिमीटरचा रोलर. बारा आठवड्यांनी ठरवलेल्या जागेतले केस रोलरवाल्या गटात सरासरी 91नं वाढले, दुसऱ्या गटात 22नं. जगभर या निकालाचा उल्लेख होतो. पण त्यातली एक बारकाई क्वचितच कुणी सांगतं: रोलर फिरवल्यावर मिनॉक्सिडिल चोवीस तास बंद ठेवलं होतं. उघड्या छिद्रांतून औषध जास्त मुरेल या हिशेबानं लगेच लावायला सांगितलं नव्हतं. तपासलेल्या, मोजून दिलेल्या औषधासाठी जर एक दिवस थांबले, तर वासाच्या तेलासाठी आपण त्याहून कमी का थांबावं?

म्हणून भाचीला मी सांगितलं ते असं. रोलर फिरवला त्या रात्री तेल नाही, दुसऱ्या दिवशी सकाळीही नाही. पुरता एक दिवस जाऊ दे, चेहरा लाल किंवा चुरचुरता असेल तर दोन. त्या रात्री काही लावायचंच तर बिनवासाचं, साधं, पाण्याचा अंश असलेलं. क जीवनसत्त्व, रेटिनॉल, आम्लाची सीरमं यांनाही तेलाइतकीच सुट्टी. आणि नवं तेल सुई चालवायच्या आठवड्यात पहिल्यांदा वापरायचं नाही. आधी कोपराच्या आतल्या बाजूला चार-पाच दिवस लावून बघायचं.

एक गोष्ट आपल्या घरांत हमखास विसरली जाते. रविवारी न्हायच्या आदल्या रात्री डोक्याला तेल थापायची सवय. ते तेल झोपेत कपाळावर उतरतं, उशीच्या अभ्र्याला लागतं, तिथून गालाला. ज्या रात्री रोलर फिरवला त्या रात्री डोक्याला तेल नको आणि अभ्रा धुतलेला हवा.

चेहऱ्यावर आधी तेल लावून वरून रोलर फिरवणाऱ्याही आहेत, घसरायला सोपं जातं म्हणून. हे तर मुळीच करू नये. एक म्हणजे तेल सुईबरोबर थेट आत ढकललं जातं. दुसरं म्हणजे दात्यांवर तेलाचा पातळ थर बसतो, आणि मग स्पिरिटमध्ये बुडवूनही त्याखालचे जंतू वाचू शकतात. आमच्याकडच्या प्लेटिंगच्या गाळ्यांत हे पोरासोरांनाही ठाऊक असतं. आधी डिग्रीझिंग, म्हणजे तेल काढणं, मग पुढचं. वस्तूवर तेलाचा ठिपका राहिला तर मुलामा तिथे धरत नाही. रोलरही आधी साबणाच्या कोमट पाण्यात हलवून धुवायचा, मग 70 टक्के अल्कोहोलात बुडवायचा, मग हवेवर वाळवायचा. आणि तो एकीचाच असतो. बहिणीबहिणींतसुद्धा वाटायचा नाही, कारण हेपटायटिस बीचा विषाणू कोरड्या पृष्ठभागावर निदान सात दिवस तग धरतो.

आपल्या गव्हाळ-सावळ्या कातडीला एक जास्तीची काळजी लागते. चिडलेली कातडी बरी होताना मागे काळा डाग ठेवते आणि तो महिनोन्‌महिने हटत नाही. तेलानं उठलेली लाली दोन दिवसांत जाईल, तिचा डाग दिवाळीपर्यंत राहील. रोलर रात्री फिरवावा, दुसऱ्या दिवशी उन्हात आणि खैरानी रोडच्या धुरळ्यात उघड्या चेहऱ्यानं फिरू नये हे त्यासाठीच. पिकलेली मुरमं, ओठावरची तापाची पुटकुळी, कोड, चामखीळ, व्रण फुगून उठण्याची प्रवृत्ती, मुरमांसाठी आयसोट्रेटिनॉइनच्या गोळ्या, यांतलं काही असेल तर घरी रोलर हातातच घेऊ नये, आधी त्वचारोगतज्ज्ञांना भेटावं. रोलर फिरवल्यावर दोन दिवसांनीही गरम, दुखरी सूज असेल किंवा गाठी उठल्या असतील, तर त्यावर तेलाचा उपाय नाही, दवाखाना गाठायचा.

बर असलेला तो रोलर आम्ही टाकायचं ठरवलं. तो तसाच कचऱ्यात गेला असता तर कुणाच्या हाताला टोचला असता ते मला घराच्या खिडकीतून दिसतं. पहाटे ओला-सुका कचरा हातानं वेगळा करणाऱ्या बायका आणि भंगाराची पोती उचकणारी मुलं. घनकचऱ्याच्या 2016 च्या नियमांनी वापरलेल्या सुया घरगुती घातक कचऱ्यात घातल्या होत्या; अशा सुया वेगळ्याच द्यायच्या असतात. भाचीनं जाड प्लास्टिकची रिकामी बाटली घेतली, रोलरचा दांडा काढून रूळ आत टाकला, झाकणावर चिकटपट्टी गुंडाळली आणि वर ठळक अक्षरांत लिहिलं, "आत सुया आहेत".