आदेश पाळला नाही, तरी अवमान कसा नाही?

धुळ्याच्या एका निवृत्त उपसंपादकांचं पत्र आलंय आणि त्यांचा प्रश्न मागे ठेववत नाही. ‘मजिठियाप्रमाणे पगार द्या, असं खुद्द सर्वोच्च न्यायालय म्हणालं. पगार मिळाला नाही. मग अवमान झाला नाही, असा निकाल कसा?’

जळगाव-धुळ्यात वर्तमानपत्राच्या कचेरीत ज्यांनी रात्रपाळ्या काढल्या, त्यांच्यापैकी अनेकांना हा प्रश्न आजही टोचतो. मलाही टोचतो.

वर्तमानपत्र कर्मचाऱ्यांसाठीच्या मजिठिया वेतन मंडळाच्या शिफारशींवर सर्वोच्च न्यायालयानं 7 फेब्रुवारी 2014 ला दिलेल्या निकालात संदिग्ध काही नव्हतं. नवं वेतन 11 नोव्हेंबर 2011 पासून, मार्च 2014 पर्यंतची थकबाकी वर्षभरात चार समान हप्त्यांत आणि एप्रिलपासून नियमित पगार. तो न मिळाल्यानं देशभरातून अवमान याचिका गेल्या. 19 जून 2017 ला न्या. रंजन गोगोई आणि न्या. नवीन सिन्हा यांनी त्या निकाली काढल्या. 1971 च्या न्यायालय अवमान कायद्याप्रमाणे दिवाणी अवमानाला आदेशभंग पुरत नाही, तो हेतुपुरस्सर असावा लागतो. इथे मालकांनी शिफारशींचा अर्थ चुकीचा लावला, मुद्दाम मोडल्या नाहीत, असं न्यायालयाला वाटलं.

हा भाग मला पटत नाही. वेतन मंडळानं ठरवलेल्यापेक्षा कमी पगार देता येत नाही, हे 1955 च्या श्रमिक पत्रकार कायद्याचं कलम 13 साध्या शब्दांत सांगत होतं. पदरी वकिलांची फौज असलेल्यांना तेवढं उमगू नये?

पण त्याच निकालानं कामगारांच्या हाती जे दिलं, ते फार मोलाचं आहे. ‘आहे तोच पगार मला मान्य’ अशी सही शिफारशींतल्या 20(जे) कलमाखाली घेतली असली, तरी तिच्या आधारे मजिठियापेक्षा कमी देता येणार नाही. कंत्राटी माणसालाही हेच वेतन. आणि सूट हवी असेल तर नुसती ओढाताण पुरायची नाही, रोखीचा भारी तोटा दाखवावा लागेल.

वसुलीसाठी न्यायालयानं बोट दाखवलं ते त्याच 1955 च्या कायद्यातल्या कलम 17 कडे. त्याप्रमाणे राज्य सरकारकडे अर्ज करायचा असे. रक्कम देणं लागते अशी खात्री झाली की जिल्हाधिकाऱ्यांकडे दाखला जाई आणि जमीन महसुलाच्या थकबाकीसारखी वसुली होई. म्हणजे नोटीस, जप्ती, लिलाव. शेतकऱ्याला हे समजावून सांगावं लागत नाही. मात्र रकमेवर वाद निघाला, की प्रकरण कामगार न्यायालयात जाई.

आणि वाद निघतोच. म्हणून मी भेटेल त्याला सांगतो, आधी तक्ता करा. महिनावार. पद, मूळ वेतन, परिवर्ती वेतन, महागाई भत्ता, घरभाडे, प्रत्यक्ष मिळालेली रक्कम आणि फरक. वर्तमानपत्राचा वर्ग ठरतो 2007-08 ते 2009-10 या तीन वर्षांच्या सरासरी उलाढालीवर. इथेच आपली माणसं अडतात. ‘जळगावच्या आवृत्तीची उलाढाल ती केवढी?’ म्हणून स्वतःच खालचा वर्ग धरतात. तसं करू नका. आवृत्त्या-शाखा एकत्र धरण्याला कंपन्यांचा आक्षेप होता, तो 2014 मध्येच फेटाळला गेला. मालक कंपनी असेल, तर तिचे ताळेबंद कंपनी निबंधकांकडे असतात आणि शुल्क भरून कुणालाही पाहता येतात.

उपसंपादक महोदय, अवमान सिद्ध झाला असता, तरी कायद्यातली शिक्षा होती जास्तीत जास्त सहा महिने साधी कैद किंवा 2000 रुपयांपर्यंत दंड, किंवा दोन्ही. त्या दंडातलाही रुपया आपोआप तुमच्या हाती आला नसता. तुमच्या पत्रात एकूण थकबाकीचा एकच आकडा आहे. तो महिन्यांत फोडून पाठवा, मी तपासून देतो.