कर्तृत्व आणि ग्रंथस्वामित्व : केशवसुतांचे उदाहरण

संतकवींची नाममुद्रा कर्तृत्व सांगे. मालमत्तेचा दावा करीत नसे. मुद्रणाने प्रतींचा व्यापार वाढला आणि १८४७ च्या कायद्याने प्रकाशनापासून ४२ वर्षे किंवा लेखकाच्या मृत्यूनंतर ७ वर्षे, यांपैकी दीर्घ मुदतीचे ग्रंथस्वामित्व हिंदुस्थानात मान्य केले. १९१४ च्या कायद्याने ही मुदत सामान्यतः मृत्यूनंतर ५० वर्षे झाली.

रत्नागिरी जिल्ह्यातील मालगुंडचे केशवसुत १९०५ मध्ये निवर्तले. त्यांचा काव्यसंग्रह हरि नारायण आपटे यांनी १९१७ मध्ये प्रसिद्ध केला. कवीने तो पाहिलाच नाही. हयातीत प्रसिद्ध झालेल्या कवितांची मुदत १९५५ मध्ये सरली. मरणोत्तर प्रथम प्रसिद्ध होणाऱ्या कृतींची मात्र प्रकाशनापासून मोजली जाई.

१९५७ च्या कायद्याच्या कलम ५७ ने, स्वामित्व दुसऱ्यास दिल्यावरही कर्तृत्व सांगण्याचा लेखकाचा हक्क राखला. नाममुद्रेने पाळलेला भेदच येथे कायद्यात आला.