रिकामा शंख कोणाचा?

फ्लोरिडाच्या नैर्ऋत्य किनाऱ्यावर, हिवाळ्यातल्या अमावास्या-पौर्णिमेच्या आगेमागे, काही होड्या उजाडण्यापूर्वीच धक्का सोडतात. बसलेल्या पाचसहा जणांच्या हातांत जाळीच्या पिशव्या असतात, पायांत पाण्यात चालतील असे जोडे आणि कपाळावर दिवे. होडी चालवणाऱ्याकडे अमेरिकी तटरक्षक दलाचा परवाना असतो आणि त्याहून महत्त्वाचे म्हणजे काल रात्रीचा वारा कुठून कुठे फिरला हे त्याला ठाऊक असते. ही मंडळी निघालेली असतात शंखशिंपले वेचायला. सॅनिबेल आणि कॅप्टिव्हा ही दोन बेटे पुलांनी मुख्य भूमीला जोडलेली आहेत. त्यांच्या उत्तरेची नॉर्थ कॅप्टिव्हा आणि कायो कोस्टा ही बेटे जोडलेली नाहीत. तिथे होडीनेच जावे लागते, म्हणून तिथली वाळू सकाळी कोणाच्या पावलांवाचून सापडण्याची शक्यता अधिक.

जगातल्या इतक्या किनाऱ्यांमधून शंखांसाठी नेमका हाच किनारा का प्रसिद्ध व्हावा, याचे उत्तर भूगोलात आहे. मेक्सिकोच्या आखातातला फ्लोरिडाचा समुद्रतळ फार सावकाश उतरत जातो. उथळ पाणी दूरवर पसरलेले असल्यामुळे तळावर मृदुकाय प्राण्यांची दाट वस्ती असते आणि त्यांची रिकामी कवचे लाटांबरोबर हळूहळू वर सरकतात. वाटेत आपटून फुटायला किनाऱ्यालगत खडक किंवा प्रवाळाची भिंत नाही. त्यात सॅनिबेलचा आकार आणखी वेगळा आहे. या किनाऱ्यावरची बहुतेक बेटे दक्षिणोत्तर पसरलेली आहेत. सॅनिबेल मात्र वळून पूर्व-पश्चिम आडवे झाले आहे. किनाऱ्याने वाहत येणारे शंख त्याच्या पोटाशी सुपात धान्य साठावे तसे साठतात. वाकून वेचणाऱ्या माणसांच्या कमरेच्या बाकाला तिथे ‘सॅनिबेल स्टूप’ असे नावच पडले आहे. १९६३ साली मुख्य भूमीपासून पूल झाला आणि वाकणाऱ्यांची गर्दी वाढली. दूरच्या बेटांवर होडीने नेण्याच्या व्यवसायाला अर्थ आला तो या गर्दीमुळेच.

आता पहाटेचे कारण. उधाण आणि भांग हे शब्द कोकणातल्या माणसाला समजावून द्यावे लागत नाहीत. अमावास्या-पौर्णिमेला पाणी जास्त चढते आणि जास्त उतरते. अष्टमीच्या सुमारास भांग असते, चढउतार कमी. आखातातली भरती-ओहोटी आपल्या किनाऱ्याच्या मानाने अगदीच किरकोळ, मीटरभराच्या आतली. पण तळ इतका सपाट की पाणी वीतभर जास्त उतरले तरी एरवी कधी न दिसणारा वाळूचा मोठा पट्टा उघडा पडतो. हिवाळ्यात तिथली सर्वांत खालची ओहोटी बहुधा पहाटे-सकाळी येते. त्याच ऋतूत उत्तरेकडून थंड हवेच्या लाटा येतात. आधी वायव्येचा वारा समुद्र ढवळून तळाचे शंख किनाऱ्याकडे ढकलतो आणि मग वारा फिरून जमिनीकडून वाहू लागला की तो पाणीच मागे लोटतो. वारा आणि तिथी यांचा असा मेळ बसला की होडीवाल्यांचे फोन वाजू लागतात.

बेटावर उतरल्यावर वाटाड्या दोन गोष्टी शिकवतो. पहिली, कुठे पाहायचे ते. भरतीने वाळूवर सोडलेली जुनी रेघ, लाट फुटते तिथला खळगा, बेटाचे टोक. दुसरी गोष्ट अधिक महत्त्वाची: उचललेला शंख पिशवीत टाकण्याआधी उलटा करून आत पाहायचे. तोंडाशी तपकिरी, शिंगासारखी टणक झाकणी दिसली तर आत धनी आहे. झाकणी नसेल, पण बारीक नख्या दिसल्या, तर मूळ प्राणी मेला असून तिथे शंखखेकडा राहायला आला आहे. दोन्ही प्रसंगी शंख जिथून उचलला तिथेच हलकेच परत ठेवायचा. ‘फायटिंग काँच’ नावाचा तांबूस शंख हातात धरला, तर कधी कधी देठांवरचे दोन डोळे बाहेर येऊन धरणाऱ्याकडेच पाहू लागतात. एकदा हे घडले की माणूस पुढे आपोआपच आत पाहू लागतो.

हा नुसता शिष्टाचार नाही. सॅनिबेल शहराने १९९५ साली जिवंत शंख गोळा करण्यावर बंदी घातली आणि २००२ साली ती बेटे ज्या ली काउंटीत येतात तिथेही तसाच नियम झाला. नियमाची व्याख्या विचारपूर्वक केलेली आहे: ज्या कवचात प्राणी आहे ते ‘जिवंत’, मग तो प्राणी आपल्याला मेलेला वाटो वा जिवंत. तारामासे, समुद्री साळिंदर आणि सँड डॉलर यांनाही हे संरक्षण आहे. कालवे आणि काही खाण्याजोगे शिंपले यांना तेवढी सूट. गंमत म्हणजे ज्या १९९५ मध्ये सॅनिबेलने ही बंदी केली, त्याच वर्षी तिथे शंखांना वाहिलेले बेली-मॅथ्यूज संग्रहालय सुरू झाले. शंखांवर जगणाऱ्या गावाने शंखांपासून हात आवरायचेही त्याच वर्षी ठरवले.

या किनाऱ्यावर सापडणाऱ्या एका शंखाचा आपल्याशी थेट संबंध आहे, म्हणून त्याच्याकडे जरा सावकाश पाहू. त्याचे नाव ‘लाइटनिंग व्हेल्क’, म्हणजे विजेचा शंख. कोवळ्या वयात त्याच्या अंगावर विजेच्या रेघांसारखे तपकिरी पट्टे असतात. वाढत्या वयात ते फिके होतात. मोठ्या मादीचा शंख चाळीस सेंटिमीटरच्या घरात जाऊ शकतो. हा प्राणी वाळूत दडलेले शिंपले शोधतो आणि आपल्याच कवचाच्या कडेने त्यांची कड फोडून आतला जीव खातो. मादी चामड्यासारख्या चकत्यांची लांब, पीळदार माळ घालते. प्रत्येक चकतीत पुष्कळ पिल्ले असतात, आणि ती बाहेर येतात तेव्हा त्यांच्या पाठीवर बारकासा शंख आधीच तयार असतो. बऱ्याच समुद्री गोगलगायींची पिल्ले प्रवाहाबरोबर दूरदूर तरंगत जातात. ही जन्मतात तिथेच सरपटू लागतात. त्यामुळे एखाद्या जागेवरचे विजेचे शंख माणसाने संपवले, तर दुसरीकडची पिल्ले वाहत येऊन ती जागा लवकर भरून निघत नाही.

त्याची खरी ओळख म्हणजे त्याचे उलटे वळण. कोणताही सामान्य शंख टोक वर करून, तोंड आपल्याकडे ठेवून धरला तर ते तोंड उजव्या बाजूला येते. विजेच्या शंखाचे ते डावीकडे येते. हे वेगळेपण माणसाच्या लक्षात फार पूर्वीच आले होते. युरोपीय येण्यापूर्वी या किनाऱ्यावर कलूसा लोकांचे राज्य होते. शेती न करता मासेमारीवर उभे राहिलेले हे राज्य. त्यांनी टाकलेल्या शिंपल्यांच्या टेकड्या पाइन आयलंडवरच्या पाइनलँड इथे आजही उभ्या आहेत. विजेच्या शंखाचे ते हातोडे करत, पेले करत. याच जातीचे कोरीव पेले समुद्रापासून शेकडो किलोमीटर आत, ओक्लाहोमातल्या स्पायरो इथल्या दफनांत सापडले आहेत. या उलट्या वळणाचा संबंध तिथल्या जमातींनी सूर्य, अग्नी आणि जन्म-मृत्यूचे चक्र यांच्याशी जोडला होता, असे विल्यम मार्क्वार्ट आणि लॉरा कोझुच या अभ्यासकांनी २०१६ मध्ये मांडले आहे.

हे वाचताना मराठी वाचकाला देवघरातला शंख आठवेल. आपला पूजेचा शंख म्हणजे ‘टर्बिनेला पायरम’ हा प्राणी. मन्नारच्या आखातात पाणबुडे तो पिढ्यान्‌पिढ्या काढत आले आहेत. जेम्स हॉर्नेल या मत्स्यअधिकाऱ्याने १९१४ मध्ये त्याच्यावर स्वतंत्र ग्रंथ लिहिला. हा शंखही इतरांसारखाच सरळ वळणाचा. त्यात क्वचित, अगदी क्वचित, एखादा उलट्या वळणाचा निघतो. तोच लक्ष्मीचे निवासस्थान मानला गेलेला दक्षिणावर्ती शंख. प्राणिशास्त्रज्ञ ज्याला डावा म्हणतात त्याला आपण उजवा का म्हणतो, याचे उत्तर धरण्यात आहे. शास्त्रज्ञ टोक वर धरतात, आपण पन्हळ वर धरतो. शंख उलटा झाला की डावे तोंड उजवीकडे जाते.

अपवादाने जन्मणारी वस्तू मागणीप्रमाणे पुरवता येत नाही. मग बाजाराने वाट काढली. अटलांटिकच्या किनाऱ्यावरचा जो प्राणी जात्याच डाव्या वळणाचा आहे, त्याची कवचे भारतात दक्षिणावर्ती म्हणून विकली जाऊ लागली. दुर्मीळ म्हणून साध्या शंखाच्या अनेक पट किंमत देऊन घरी आणलेला, लाल वस्त्रावर ठेवलेला शंख पुष्कळदा हाच विजेचा शंख असतो. तिकडे तो दुर्मीळ नाही. त्याच्या जातीत तो सर्वांसारखाच आहे. ओळखायचे असेल तर तोंडातून आत, मधल्या खांबाकडे पाहावे. अस्सल भारतीय शंखाच्या खांबावर तीनचार ठळक घड्या असतात. विजेच्या शंखात तशा घड्या दिसत नाहीत, आणि त्याची पन्हळ लांब व निमुळती असते.

फसवणुकीची ही गोष्ट नेहमी भक्ताच्या बाजूने सांगितली जाते: पैसे गेले, पूजेत खोटा शंख आला. प्राण्याच्या बाजूने ती कोणी सांगत नाही. घासून, पांढरा करून, चकचकीत होऊन आलेल्या शंखाकडे पाहून तो वाळूवर रिकामा सापडला की आतल्या जिवाला उकळून काढले, हे ग्राहकाला कळण्याचा मार्ग नसतो. अस्सल भारतीय शंखाबाबतही हा प्रश्न सुटत नाही, कारण पाणबुडे तो जिवंतच काढतात.

मग रिकामा शंख तरी निर्धास्तपणे उचलावा का? स्पेनमधल्या सालू गावाजवळच्या एका किनाऱ्यावर मिहाऊ कोवालेव्स्की आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी १९७८ ते १९८१ आणि २००८ ते २०१० अशा दोन कालखंडांत शिंपल्यांची मोजदाद केली. या अवधीत तिथले पर्यटन जवळजवळ तिप्पट झाले आणि शिंपले साठ टक्क्यांहून अधिक घटले. रिकामे कवच हे शंखखेकड्याचे घर असते, लहान माशांचा आडोसा असते, शेवाळाला धरायला आधार असते. झिजून झिजून ते पुन्हा वाळू होते. म्हणूनच जाणते वाटाडे पिशवी भरायला नव्हे, निवडायला सांगतात. दिवसभर हिंडून तीन शंख घरी नेणारा माणूस त्यांच्या लेखी चांगला वेचणारा. तिथल्या वेचणाऱ्यांचे स्वप्न असते ठिपक्यांचा ‘जुनोनिया’. तो खोल पाण्यात राहत असल्याने किनाऱ्यावर क्वचितच येतो. सापडला तर स्थानिक वर्तमानपत्रात फोटो येतो.

२८ सप्टेंबर २०२२ रोजी इयन हे चक्रीवादळ जमिनीवर आले ते नेमके कायो कोस्टावर. सॅनिबेलचा पूल तुटला, शंखांच्या संग्रहालयाचे मोठे नुकसान झाले आणि काही आठवडे सॅनिबेलही पुलाविना बेट झाले. वादळाने समुद्राचा तळ उपसून शंखांचे थर किनाऱ्यावर आणून टाकले होते, आणि ते वेचायला कोणी नव्हते.

आश्विन अमावास्येला आपल्याकडे लक्ष्मीपूजन असते. त्या तिथीला जैतापूरच्या खाडीत उधाण असते तसेच कायो कोस्टाच्या वाळूवरही पाणी नेहमीपेक्षा अधिक उतरते. तिकडे कोणीतरी वाकून शंख उचलतो, उलटा करतो, आत पाहतो आणि झाकणी दिसली म्हणून पुन्हा पाण्यात ठेवतो. आपल्या पाटावरच्या शंखात असे डोकावून पाहायला आता उशीर झालेला असतो. पण दुकानात, पैसे देण्याआधी, आतल्या घड्या मोजता येतात आणि हा कोठून आला, कसा काढला, हे विचारता येते. उत्तर मिळाले नाही, तर तो तिथेच ठेवून परतता येते.