राजापूरची एक जागा

लोकसभा निवडणुकांच्या जुन्या निकालांत महाराष्ट्राचा पक्षवार तक्ता काढून बघावा. १९६२ सालच्या तक्त्यात प्रजासमाजवादी पक्षापुढे आकडा आहे १. १९६७ साली १. १९७१ साली पुन्हा १. तिन्ही वेळा ती जागा राजापूरची आहे. पुढे पक्षांची नावे बदलली, माणसे नव्या छताखाली गेली. १९८४ च्या तक्त्यात जनता पक्षापुढे १ दिसतो, आणि ती जागाही राजापूरचीच.

पहिल्या दोन विजयांचे धनी बॅरिस्टर नाथ पै, नंतरच्या दोहोंचे प्रा. मधु दंडवते. या लेखाचा विषय मुख्यतः दंडवत्यांचे निकाल हा आहे. १९७१, १९७७, १९८०, १९८४ आणि १९८९ असे सलग पाच विजय, आणि १९९१ चा पराभव. पण नाथ पैंना बाजूला ठेवून तो हिशेब मांडता येत नाही.

राजापूर मतदारसंघ म्हणजे राजापूरपासून खाली सावंतवाडी-वेंगुर्ल्यापर्यंतचा मुलूख. १ मे १९८१ रोजी सिंधुदुर्ग वेगळा झाला, तोवर हे सारे रत्नागिरी जिल्ह्यातच होते. जिल्ह्याला लोकसभेच्या दोन जागा, वरची रत्नागिरी आणि खालची राजापूर. १९५७ साली संयुक्त महाराष्ट्राच्या लाटेत दोन्ही काँग्रेसच्या हातून गेल्या. रत्नागिरीत जनसंघाचे प्रेमजीभाई आशर निवडून आले. त्या वर्षी जनसंघाचे देशभरात चारच खासदार होते, त्यांतले ते एक. राजापुरात पस्तिशीही न गाठलेले, लंडनहून बॅरिस्टर होऊन आलेले, वेंगुर्ल्याचे नाथ पै विजयी झाले. लाटेत निवडून येण्याचे कौतुक नाही. कौतुक पुढच्या निवडणुकीचे आहे. १९६० साली महाराष्ट्र राज्य झाले, संयुक्त महाराष्ट्र समितीचे प्रयोजन संपले, आणि १९६२ साली काँग्रेसने राज्यातल्या ४४ पैकी ४१ जागा घेतल्या. रत्नागिरीची जागा शारदा मुखर्जींच्या रूपाने काँग्रेसकडे परत गेली. राजापूर हलले नाही.

‘कोकण हा समाजवाद्यांचा बालेकिल्ला’ असे आपण वर्षानुवर्षे वाचत आलो. मला हे वाक्य पटत नाही. नाथ पै आणि दंडवते यांचे मिळून आठ विजय. त्यांपैकी १९६२, १९६७, १९७१, १९८४ आणि १९८९ अशा पाच वेळी शेजारच्या रत्नागिरी मतदारसंघाने काँग्रेसचा खासदार दिला आहे. शारदा मुखर्जी दोनदा, मग शांताराम पेजे, हुसेन दलवाई, गोविंदराव निकम. तीच लाल माती, तीच आंब्याची कलमे, तीच मुंबईची मनीऑर्डर. बालेकिल्ला असता तर तो अर्ध्या जिल्ह्यात संपला नसता. राजापूरकरांनी माणूस निवडला होता, आणि दिल्लीत आपल्या वतीने कोण बोलतो याचा त्यांना अभिमान होता, असे मला वाटते.

तो अभिमान उगाच नव्हता. २७ फेब्रुवारी १९६७ रोजी गोलकनाथ खटल्याचा निकाल लागला आणि मूलभूत हक्कांना हात लावण्याचा संसदेचा अधिकार सर्वोच्च न्यायालयाने नाकारला. त्यावर घटनादुरुस्तीचे विधेयक मांडले ते सरकारने नव्हे, राजापूरच्या खासदाराने, खासगी विधेयक म्हणून. लोकसभेत तेव्हा त्यांच्या पक्षाचे सारे मिळून १३ सदस्य. ते विधेयक संयुक्त समितीपर्यंत गेले, देशभर त्यावर वाद झाला, पण मंजूर झाले नाही. त्यातला गाभा सरकारने १९७१ च्या अखेरीस चोविसाव्या घटनादुरुस्तीत आणला. तोवर नाथ पै हयात नव्हते. १८ जानेवारी १९७१ रोजी, सीमाप्रश्नाच्या हुतात्मा दिनासाठी गेले असता, बेळगावात त्यांचे निधन झाले. वय अवघे ४८.

लोकसभा त्याआधीच, डिसेंबरात बरखास्त झाली होती. मार्चमध्ये मतदान होते. राजापूरची उमेदवारी आली मधु दंडवत्यांकडे. ते कोकणातले नव्हते. जन्म १९२४ चा, अहमदनगरचा. मुंबईच्या सिद्धार्थ महाविद्यालयात पदार्थविज्ञानाचे प्राध्यापक, १९५५ च्या गोवा सत्याग्रहात तुकडी घेऊन गेलेले, आणि नुकतेच विधान परिषदेवर आलेले. इंदिरा गांधींची ‘गरिबी हटाव’ची लाट होती. महाराष्ट्रातल्या ४५ पैकी ४२ जागा काँग्रेसने घेतल्या. प्रजासमाजवादी पक्षाचे देशभरात दोनच उमेदवार तरले, बंगालमध्ये काँटाईतून समर गुहा आणि राजापुरातून दंडवते.

या पहिल्या विजयात नाथ पैंच्या मृत्यूचा शोक होताच. ते नाकारण्यात अर्थ नाही. पण शोकावर एक निवडणूक जिंकता येते, पाच नाही. आणि घाटावरच्या, मुंबईत राहणाऱ्या प्राध्यापकाला कोकणाने आपला मानला, यामागे मुंबईच आहे. दक्षिण रत्नागिरीतल्या घरांचा एक पाय गिरणगावात होता. परळ-लालबागच्या खोल्यांतून ग्रामस्थ मंडळे चालत. गणपतीला, शिमग्याला चाकरमानी गावी येताना पैशांबरोबर मतही घेऊन यायचा. गावातल्या शाळामास्तराने राष्ट्र सेवा दलाची शाखा काढलेली असायची, आणि मुंबईतल्या भावाने सभेत प्रोफेसरांचे भाषण ऐकलेले असायचे. हे दोन धागे जिथे जुळत, तिथे जातीचा किंवा पैशाचा हिशेब मांडायला येणाऱ्याला जागा कमी मिळे. तो हिशेब नव्हताच असे मी म्हणत नाही. तो पुरेसा होत नव्हता, एवढेच.

आणीबाणी जाहीर झाली तेव्हा, २६ जून १९७५ च्या सकाळी, दंडवते बंगळूरला होते. पक्षांतरबंदीच्या विधेयकावर विचार करणाऱ्या संसदीय समितीच्या कामासाठी ते गेले होते. अटलबिहारी वाजपेयी, लालकृष्ण अडवाणी आणि श्यामनंदन मिश्र यांच्यासह त्यांना तिथेच अटक झाली. पत्नी प्रमिला दंडवते येरवड्यात, मधु दंडवते बंगळूरच्या तुरुंगात. १९७७ साली महाराष्ट्रात निकाल जवळजवळ बरोबरीचा लागला, काँग्रेस २० आणि जनता पक्ष १९. जिल्ह्यातल्या दोन्ही जागा जनता पक्षाला मिळाल्या, रत्नागिरीतून बापूसाहेब परुळेकर आणि राजापुरातून दंडवते.

आणि ते रेल्वेमंत्री झाले. ज्याच्या मतदारसंघात रेल्वेचा एक रूळही नव्हता, असा रेल्वेमंत्री. दुसऱ्या वर्गाच्या शयनयानातल्या लाकडी फळ्यांवर दोन इंचांची गादी आली ती त्यांच्या काळात. आज ती गादी कोणाच्या लक्षातही येत नाही, पण त्या फळ्यांवर ज्यांनी दोन-दोन रात्री काढल्या त्यांना विचारावे. १९७४ च्या संपात बडतर्फ झालेल्या कामगारांना त्यांनी परत कामावर घेतले. डिसेंबर १९७७ मध्ये मुंबई-हावडा गीतांजली एक्स्प्रेस सुरू केली, तिच्यात वर्गभेद ठेवला नव्हता. कोकणाच्या वाट्याला त्या सव्वादोन वर्षांत आले ते आपटा-रोहा मार्गाचे काम. कोकण रेल्वेचे स्वप्न अ. ब. वालावलकरांसारख्या माणसांनी कितीतरी आधी पाहिले होते, नाथ पैंनी संसदेत मांडले होते. रुळांची पहिली पावले मात्र तेव्हा पडली, आणि तीही रायगडात. राजापूरच्या मतदाराला दाखवण्यासारखे रेल्वेमंत्र्याकडे १९८० साली काही नव्हते.

तरीही ते जिंकले. काँग्रेस (आय) ने ४८ पैकी ३९ जागा घेतल्या. जनता पक्षाच्या हाती राहिल्या ८, आणि त्या सगळ्या मुंबई, ठाणे आणि रत्नागिरी जिल्हा या पट्ट्यातल्या. घाटावर एकही नाही. त्याच निवडणुकीत प्रमिलाताई उत्तर-मध्य मुंबईतून निवडून आल्या. मुंबईचे आणि कोकणाचे मत एकाच घरातून निघत होते, हे मी वर म्हटले त्याचा याहून चांगला पुरावा माझ्याकडे एकच आहे, तो १९८४ चा.

मला विचाराल तर दंडवत्यांच्या पाचही विजयांत मोठा विजय हाच. ऑक्टोबरच्या अखेरीस इंदिराजींची हत्या झाली आणि डिसेंबरात राजीव गांधींना चारशेच्या वर जागा मिळाल्या. जनता पक्ष देशभरात १० वर आला. महाराष्ट्रात ४८ पैकी ४३ काँग्रेसला. उरलेल्या पाच कोणत्या ते बघा. बारामतीत शरद पवार, औरंगाबादेत साहेबराव डोणगावकर, अलिबागकडे शेतकरी कामगार पक्षाचे दि. बा. पाटील, दक्षिण-मध्य मुंबईत डॉ. दत्ता सामंत आणि राजापुरात मधु दंडवते. सामंतांना निवडून देणारे गिरणगाव १८ जानेवारी १९८२ पासूनच्या संपाने पोळलेले होते. त्या संपात ज्यांची चूल विझली त्यांतले कितीतरी कामगार रत्नागिरी-सिंधुदुर्गातले, आणि संप लांबला तसे बायकामुलांसह गावी परतलेले. एका निवडणुकीत, एका लाटेविरुद्ध, गिरणगावाने आणि राजापूरने मत दिले. उमेदवार वेगळे, पक्ष वेगळे. कुटुंबे तीच.

१९८९ च्या विजयाबद्दल थोडक्यात सांगतो. जनता दल, विश्वनाथ प्रताप सिंह, बोफोर्स, हे सगळे वाचकांना आठवत असेल. दंडवते अर्थमंत्री झाले. मार्च १९९० चा अर्थसंकल्प हा त्यांचा एकुलता एक. १९६८ चा सुवर्ण नियंत्रण कायदा त्यांनी त्यातच मोडीत काढला. पण कोकणासाठी त्या सरकारचे महत्त्व दुसरे आहे. जॉर्ज फर्नांडिस रेल्वेमंत्री, दंडवते अर्थमंत्री. रेल्वेच्या नेहमीच्या वार्षिक तरतुदीतून कोकणाचा मार्ग पुरा व्हायला पिढ्या लागल्या असत्या. म्हणून वेगळे महामंडळ काढायचे, केंद्राने ५१ टक्के, महाराष्ट्राने २२, कर्नाटकाने १५, गोवा आणि केरळने प्रत्येकी ६ टक्के भांडवल घालायचे, आणि बाकीचा पैसा रोख्यांतून उभा करायचा, असे ठरले. १९ जुलै १९९० रोजी कोकण रेल्वे महामंडळ स्थापन झाले. सूत्रे ई. श्रीधरन यांच्याकडे गेली.

पुढच्याच वर्षी दंडवते हरले.

१९९१ मध्ये काँग्रेसचे सुधीर सावंत राजापुरातून निवडून आले. राज्यात काँग्रेसला ३८ जागा, जनता दलाला एकही नाही. ज्याने वीस वर्षे रेल्वेचा ध्यास घेतला त्याला रेल्वे येत असताना कोकणाने घरी बसवले, असे हळहळून सांगणारे मला अनेक भेटले. हळहळ मलाही वाटते. पण कृतघ्नपणाचा आरोप अन्यायाचा आहे. गिरण्या बंद पडत होत्या, आणि ज्या मुंबईतून प्रोफेसरांचे नाव गावी जात होते ती मुंबई राहिली नव्हती. चाळीत आता शिवसेनेची शाखा होती, आणि गावी जाणारा तरुण तिचा झेंडा घेऊन जात होता. १९९० च्या विधानसभेत शिवसेना-भाजप युतीचे ९४ आमदार आले, त्यांत मालवणमधून नारायण राणे होते. १९७७ साली एका पेटीत पडलेली काँग्रेसविरोधी मते १९९१ साली दोन वाटांनी गेली. समाजवाद्यांनीही गावात नवी माणसे उभी केली नव्हती. जुने शिक्षक निवृत्त झाले, सेवा दलाच्या शाखा ओसरल्या, आणि उरले ते दंडवत्यांचे नाव. या शेवटच्या गोष्टीचा दोष मी मतदाराला देणार नाही.

त्यांच्या वीस वर्षांचा दुसरा हिशेबही मांडला पाहिजे. खासदारकीच्या दोन दशकांत ते सत्तेत होते जेमतेम सव्वातीन वर्षे. बाकीचा काळ विरोधी बाकांवर गेला. त्या काळात कोकणात कारखाने आले नाहीत, मनीऑर्डरवरचे अवलंबन सुटले नाही. त्यांच्या भाषणांचा अभिमान बाळगणाऱ्या मतदाराने त्याची किंमत मोजली. ती त्याने जाणूनबुजून मोजली असे मला वाटते.

१९९१ नंतर दंडवते लोकसभेत परतले नाहीत. १९९६ ते १९९८ ते योजना आयोगाचे उपाध्यक्ष होते. राजापूर १९९६ साली शिवसेनेच्या सुरेश प्रभूंकडे गेले आणि २००४ पर्यंत सलग चार वेळा त्यांच्याकडे राहिले. प्रभू पुढे, २०१४ मध्ये, रेल्वेमंत्री झाले. रुळाविना रेल्वेमंत्री देणाऱ्या या मुलखाच्या माजी खासदाराकडे तेच खाते दुसऱ्यांदा आले.

२६ जानेवारी १९९८ रोजी कोकण रेल्वेचा संपूर्ण मार्ग वाहतुकीला खुला झाला. रत्नागिरीजवळचा करबुड्याचा बोगदा साडेसहा किलोमीटरांचा, पानवलचा पूल ६४ मीटर उंच. गाडी त्या पुलावर येते तेव्हा डब्यातले सगळे खिडकीकडे सरकतात. मी दर वेळी सरकतो.

दंडवते १२ नोव्हेंबर २००५ रोजी मुंबईत गेले. त्यांच्या इच्छेप्रमाणे देहदान झाले. त्यानंतर तीन वर्षांनी मतदारसंघांची पुनर्रचना झाली, आणि चिपळूण, रत्नागिरी, राजापूर, कणकवली, कुडाळ, सावंतवाडी हे सहा विधानसभा मतदारसंघ एकत्र करून रत्नागिरी-सिंधुदुर्ग ही एक जागा तयार झाली. तिथून २००९ मध्ये काँग्रेसचे नीलेश राणे, २०१४ आणि २०१९ मध्ये शिवसेनेचे विनायक राऊत, २०२४ मध्ये भाजपचे नारायण राणे निवडून आले. राजापूर नावाचा लोकसभा मतदारसंघ २००९ पासून अस्तित्वात नाही.