शत्रूच्या देशाचे पदक

रात्री पिकाला पाणी द्यावयास निघालेल्या चकलांब्याच्या शेतकऱ्याच्या हातात बॅटरी असते. कळ दाबताच उजेड पडतो. आत ना वात, ना तेल. मग ही वीज येते कोठून? सेलमधील पदार्थांत रासायनिक क्रिया घडते व तिच्यापासून वीज उत्पन्न होते. रसायन आणि वीज यांच्या या नात्याचा विचार करणाऱ्या शास्त्रास विद्युत्-रसायनशास्त्र म्हणतात. या शास्त्रातील एका पारितोषिकाची ही कथा आहे.

मुलांनो, इटलीतील व्होल्टा या शास्त्रज्ञाने जस्त व चांदी यांच्या चकत्या आणि खारट पाण्यात भिजवलेले पुठ्ठे एकावर एक रचून वीज मिळवली. हा शोध त्याने १८०० साली जगापुढे मांडला. पुढच्या वर्षी पॅरिस येथे त्याचे प्रयोग पाहून नेपोलियन थक्क झाला. विजेसंबंधीच्या उत्तम प्रयोगास दरवर्षी तीन हजार फ्रँकांचे पदक द्यावे, असे त्याने ठरविले. हे पदक परदेशीय विद्वानांसही खुले होते.

त्या वेळी लंडन येथे हम्फ्री डेव्ही हा तरुण शास्त्रज्ञ संशोधन करीत होता. लाकडावर कोरीवकाम करणाऱ्या कारागिराचा हा मुलगा. पाण्यातून वीज नेली असता हायड्रोजन व ऑक्सिजन हे वायू मिळत. परंतु त्यांबरोबर थोडे आम्ल आणि थोडा अल्कही दिसे. वीजच ते उत्पन्न करते, असे कित्येकांस वाटे. डेव्हीने काचेऐवजी सोन्याची भांडी घेतली, पाणी पुनःपुन्हा शुद्ध केले आणि हवाही दूर ठेवली. तेव्हा आम्ल व अल्क दिसेनासे झाले! ते भांड्यातून व हवेतून येत होते. वीज पाण्याचे केवळ घटक वेगळे करते, हे त्याने १८०६ साली सिद्ध केले.

या कार्याबद्दल १८०७ साली फ्रान्सने पदक जाहीर केले ते डेव्हीलाच! त्या समयी इंग्लंड व फ्रान्स यांच्यात घनघोर युद्ध चालू होते. शत्रूचा सन्मान स्वीकारू नये, असे काही जण म्हणू लागले. युद्ध राज्याराज्यांत असेल, शास्त्रज्ञांत नाही, अशी डेव्हीची भूमिका होती. त्याने पदक स्वीकारले. १८१३ साली, युद्ध संपलेले नसतानाही, नेपोलियनच्या खास परवान्याने तो पॅरिसला गेला. त्याचा तरुण साहाय्यक मायकेल फॅरडे त्याच्यासमवेत होता.

पदक देणाऱ्यांनी शत्रूचा देश पाहिला नाही, त्याच्या प्रयोगातील सत्य पाहिले. गुणाची पारख अशीच निर्मळ असावी.