व्याज या शब्दाचा अर्थ

‘घर पाहावे बांधून’ म्हणतात; फेडूनही पाहावे लागते, हे म्हणीत नाही! भाईंदरला जागा पसंत पडली आणि मी कर्जाचा कागद घरी आणला. मुद्दल ४० लाख, द. सा. द. शे. साडेआठ, मुदत २० वर्षे, हप्ता ३४,७१३ रुपये.

‘‘जमेल की!’’ मी म्हणालो.

‘‘गुणिले दोनशे चाळीस,’’ आमची सौ. म्हणाली. उत्तर ८३ लाखांवर गेले! पहिल्या हप्त्यातले २८,३३३ नुसते व्याज. दहा वर्षे फेडूनही २८ लाख मुद्दल शिल्लक.

‘‘आणि तुमची निवृत्ती चौदा वर्षांवर!’’

संस्कृतात ‘व्याज’ म्हणजे बहाणा, कपट, असे मी वर्गात सांगत आलो. अर्थ त्या रात्री कळला.

उपाय तिनेच काढला. दरमहा ६,१०० जास्त भरले, तर दर तोच राहिल्यास चौदा वर्षांत सुटका आणि सुमारे १५ लाख वाचतात. बदलत्या दराच्या गृहकर्जावरील मुदतपूर्व फेडीचा दंडही बँकांना रिझर्व्ह बँकेने २०१२ सालीच बंद करायला लावला.

यंदा दिवाळीचा नवा सोफा राहिला. पणत्या मात्र आमच्या उंबरठ्यावर लागल्या. निदान उंबरठ्यापुरते तरी घर फिटले असेल!