अपील मागे घेतलं म्हणजे प्रकरण मिटलं का?

सरकारी कर्मचाऱ्याच्या निलंबनाच्या प्रकरणातलं अपील मागे घेतलं गेलं की लोक दोनच अर्थ काढतात. कर्मचाऱ्याने माघार घेतली तर तो दोषी, सरकारने घेतली तर तो निर्दोष. दोन्ही चूक आहेत, आणि त्यापायी एखाद्याची गावभर बदनामी होते.

मुळात निलंबन ही शिक्षा नाही. महाराष्ट्र नागरी सेवा (शिस्त व अपील) नियम, १९७९ मध्ये निलंबन नियम ४ मध्ये आहे, तर शिक्षांची यादी नियम ५ मध्ये. चौकशी होईपर्यंत माणसाला कामापासून दूर ठेवायचं, एवढाच निलंबनाचा हेतू. पगाराऐवजी निर्वाहभत्ता मिळतो, नोकरी कायम राहते. आरोप खरे की खोटे, हे खातेचौकशीत ठरतं. त्यामुळे अपील मागे घेतल्याने दोष सिद्धही होत नाही आणि पुसलाही जात नाही.

सरकारने अपील मागे घेतलं तर खालचा निकाल कायम होतो आणि तो पाळावाच लागतो. पण दोषारोपपत्र आपोआप रद्द होत नाही. कर्मचारी कामावर परतल्यावरही चौकशी चालू राहू शकते. निलंबनाचा काळ सेवेत धरायचा का, त्या काळाचा पगार किती द्यायचा, याचा आदेश सक्षम अधिकारी वेगळा काढतो.

कर्मचारी मागे घेतो तेव्हा कारण बहुधा साधं असतं: निलंबन उठलेलं असतं, मग भांडायचं कशासाठी? निलंबन उठण्यामागे एक मुदतही असू शकते: सर्वोच्च न्यायालयाने १६ फेब्रुवारी २०१५ रोजी अजयकुमार चौधरी खटल्यात सांगितलं की तीन महिन्यांत दोषारोपपत्र दिलं नाही तर निलंबन पुढे चालवू नये. त्याच आधारावर महाराष्ट्र शासनाने ९ जुलै २०१९ रोजी शासन निर्णय काढला. ही मुदत कित्येक कर्मचाऱ्यांना ठाऊकच नसते, याचं वाईट वाटतं.

सगळ्यात महागात पडणारा गैरसमज मात्र वेगळाच आहे: ‘आत्ता मागे घेऊ, गरज पडली तर पुन्हा दाखल करू.’ कनिष्ठ अधिकाऱ्याने तोंडी शब्द दिलेला असतो, ‘केस काढून घ्या, आठवड्यात रुजू करून घेतो.’ माणूस विश्वासाने अर्ज देतो. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश २३, नियम १ नुसार, नव्याने दावा करण्याची परवानगी न घेता दावा मागे घेतला तर त्याच कारणावर तो पुन्हा करता येत नाही. सरगुजा ट्रान्सपोर्ट खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने हेच तत्त्व उच्च न्यायालयातील रिट याचिकांनाही लावलं. निलंबनाचा नवा आदेश निघाला तर त्याला आव्हान देता येतं. जुन्या आदेशाचा रस्ता मात्र बहुतेक बंद झालेला असतो.

म्हणून सही करण्याआधी दोन गोष्टी करा. रुजू करून घेण्याचा आदेश लेखी हातात घ्या. तो मिळाला नसेल आणि तरीही मागे घ्यायचंच असेल, तर ‘नव्याने दाद मागण्याची मुभा ठेवून’ हे शब्द वकिलांकडून अर्जात घालून घ्या आणि न्यायालयाच्या आदेशात ते उतरले आहेत का, हे स्वतः वाचून पाहा.